पालमच्या मावशींचं अपील

परभणीला जिल्ह्याच्या कोर्टात मी शिपाई होतो. सुनावणीची पेशी निघाली की दारात उभं राहून पक्षकाराचं नाव पुकारायचं, हे माझं काम.

पालमकडच्या एका खेड्यातल्या बौद्ध मावशी तेव्हा अपिलात होत्या. नवरा वारलेला, तीन एकर कोरडवाहू. शेतात जायची गाडीवाट शेजाऱ्यानं नांगरून टाकली आणि खालच्या कोर्टात निकाल त्याच्या बाजूनं गेला. अपील दाखल करणारा वकील आजारपणानं काम सोडून बसला, तेव्हा मावशींनी दुसरा केला नाही. "वाट माजी हाय, मीच सांगीन," म्हणायच्या. त्यांना ऐकायला कमी यायचं. पहिल्याच पेशीला मला म्हणाल्या, "भाऊ, नाव निघालं की मला हात करा. वरडून कळायचं न्हाई." मी तसंच करायचो. पहाटेच्या एसटीनं निघून त्या कोर्ट भरायच्या आत पायरीवर येऊन बसलेल्या असायच्या. दरवेळी पुढची तारीख मिळायची, पण त्यांची एकही पेशी चुकली नाही.

मग मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव झाला आणि गावोगावच्या बौद्ध वस्त्या पेटवल्या गेल्या. एसटी बंद झाल्या, रस्त्यांवर झाडं तोडून आडवी टाकली. नेमकी त्याच आठवड्यात त्यांची पेशी होती. मी माझ्या गावाहून, झरीहून, सायकल हाणत कसाबसा पोचलो. कोर्टात माणूस नव्हतं, पण शेजाऱ्याचा वकील परभणीतलाच. तो हजर होता.

मी तीनदा पुकारलं. पायऱ्या मोकळ्याच होत्या.

"साहेब, अपीलकर्ती गैरहजर आहे. अपील काढून टाकावं," वकील म्हणाला.

"त्यांच्या वतीनं कुणी?" साहेबांनी विचारलं.

"न्हाई साहेब. पालमची गाडी..." एवढं बोललो आणि आमच्या वरच्या कारकुनानं, शिरस्तेदारानं, माझ्याकडं असं बघितलं की मी वाक्य अर्धंच सोडून दाराकडं सरकलो. साहेब वाईट नव्हते. जेवणाच्या सुट्टीनंतर त्यांनी मला पुन्हा एकदा पुकारायला लावलं. मग दोन ओळी लिहिल्या आणि सही केली.

दोन महिन्यांनी मावशी आल्या. वस्ती जळाली होती, भावाकडं गंगाखेडला जाऊन राहिल्या होत्या. कागद एकही आगीतून वाचला नव्हता. "पुढली तारीख कवा हाय?" त्यांनी विचारलं.

"मावशी, अपील खारीज झालं."

त्यांना ऐकू गेलं नाही. मी परत सांगितलं, मग आणखी मोठ्यानं. शेवटी ओरडावं लागलं, तेव्हा व्हरांड्यातली सगळी माणसं वळून बघायला लागली.  मावशी पदर सावरत खाली बसल्या.

एका तरुण वकिलानं अपील परत चालवावं म्हणून अर्ज लिहून दिला. तशा अर्जाला तीस दिवसांची मुदत असते, ती उलटून गेली होती. गैरहजेरीचं आणि उशिराचं कारण दाखवा, पुरावा द्या, असं कोर्टानं सांगितलं. वस्ती जळाल्याचं लिहून द्यायला गावच्या पोलीस पाटलानं नकार दिला. मी शिरस्तेदाराला म्हटलं, "त्या दिवशी गाड्या बंद होत्या हे मी शपथेवर सांगतो. मी स्वतः सायकलीवर आलो होतो."

"कोर्टाचा माणूस पक्षकाराच्या बाजूनं उभा राहत नसतो. नोकरी करायची हाय का न्हाई?"

दोन पोरी शाळेत होत्या माझ्या. मी परत त्या शपथेचं नाव काढलं नाही.

तोवर साहेबांची बदली झाली होती. नव्या साहेबांनी अर्ज वाचला, वकिलाचं ऐकून घेतलं आणि पुरेसं कारण दाखवलं नाही म्हणून नामंजूर केला. मावशी समोरच उभ्या होत्या. काय झालं ते वकिलानं कानाशी वाकून सांगितलं, तर त्या माझ्याकडं वळल्या.

"भाऊ, आज मी आलेय की. हजर हाय म्हणून सांगा ना त्यास्नी."

मी त्यांना हाताला धरून बाहेर आणलं. दुसरं काय करणार होतो?

पुढं दोन वर्षांनी त्या मला परभणीच्या स्टँडवर भेटल्या. शेताचं काय झालं म्हणून विचारलं. एक साल पडीक राहिलं, म्हणाल्या. मग त्याच शेजाऱ्याला बटईनं, पिकाच्या वाट्यावर, देऊन टाकलं. दुसरं कोण घेणार, बैल न्यायला वाट त्याच्याकडंच होती.