पॅसेजमधला वास

लघवीचा वास फिनेलने जात नाही. फिनेल त्याच्यावर चढतं इतकंच, आणि मग घराची सार्वजनिक मुतारी होते. बादलीभर पाणी ओतून लोटणं तर त्याहून वाईट, कारण ते पाणी सगळी घाण टाइल्सच्या फटींत नेऊन बसवतं. आधी जुन्या कोरड्या कापडाने टिपून घ्यायचं. मग पाण्यात थोडं व्हिनेगर घालून पुसायचं. संगमरवर असेल तर तेही नको, डाग पडतात. वाळलं की खाण्याचा सोडा भुरभुरायचा, थोडा वेळ ठेवायचा आणि झाडून टाकायचा.

हे मी सासऱ्यांमुळे शिकले. ऐंशी ओलांडलेला माणूस. सकाळी उठले की बाथरूमपर्यंत पोचायच्या आत, पॅसेजमध्ये, नेमका देवघरासमोर ताबा सुटायचा. डायपर लावला की काढून टाकायचे.

कर्वेनगरातला आमचा फ्लॅट लहान. वास थेट दारापर्यंत यायचा. धाकट्या दिरांनी बंगळुरूहून फोनवर सांगून टाकलं, "वहिनी, दिवाळीआधी येतोय. तोवर वास गेला तर ठीक, नाहीतर बाबांसाठी विश्रांतवाडीच्या पुढे एक चांगली जागा बघून ठेवलीय."

नवरा म्हणाला, "बघू." आमच्याकडे 'बघू' म्हणजे धाकटा म्हणेल तसं.

मी हट्टाला पेटले. माया वगैरे दाखवायला नाही. मी नोकरीवर असायचे तेव्हा माझ्या मुलीला या माणसाने सांभाळलं होतं. तिच्या ओल्या चड्ड्या त्यांनीच धुतल्या आणि कधी बोलून दाखवलं नाही. आता वासापायी त्यांना घराबाहेर काढणं मला पटत नव्हतं.

रोज सकाळी टिपणं, पुसणं, सोडा, आणि मग ऑफिस. फटी ब्रशने घासल्या, खरवडून त्यांत नवं पांढरं सिमेंट भरून घेतलं. तरी संध्याकाळी दार उघडलं की वास हजर. सासूबाई नाकाला पदर लावून म्हणायच्या, "तुझा सोडा भज्यांत घाल. काही उपयोग नाही त्याचा."

दसरा झाल्यावर त्या चार दिवस नणंदेकडे बिबवेवाडीला गेल्या. बाबा घरीच होते, पॅसेज रोजच्यासारखा ओला होत होता, मी रोजच्यासारखी पुसत होते. संध्याकाळी दार उघडलं तर वास नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. माझ्या नाकावर विश्वास बसेना, म्हणून शेजारच्या काकूंना मुद्दाम आत बोलावलं.

"काकू, कसला वास येतोय का हो?"

"येतोय की. कांदा-खोबरं भाजलंस ना?"

सासूबाई परत आल्या आणि दुसऱ्याच संध्याकाळी वासही परत आला. मी देवघरामागे हात घातला. पूजेच्या दुकानातली गोमूत्राची मोठी बाटली निघाली, अर्धी संपलेली.

"आई, हे कुठे शिंपडता?"

"तिथेच, आणखी कुठे? देवासमोर रोज विटाळ होतो. तू पुसतेस, पण जागा शुद्ध कोण करणार?"

"म्हणजे मी एकाचं मूत पुसायचं आणि माझी पाठ फिरली की तुम्ही दुसऱ्याचं ओतायचं?"

"जीभ आवर. ते पवित्र असतं."

"असेल. पण वास त्याचा येतो आणि नाव बाबांचं होतं. भाऊजी आले की एवढं सांगा फक्त."

त्या जपमाळ घेऊन बसल्या.

दीर आले. आत पाऊल टाकताच खिशातला रुमाल नाकावर गेला. मी बाटली टीपॉयवर ठेवली आणि सगळं सांगितलं. त्यांनी आईकडे पाहिलं.

"टाकते कधीतरी चार थेंब," सासूबाई म्हणाल्या.

"आईला कशाला मध्ये ओढतेस आता?" हा माझा नवरा.

दिरांनी बाटली उचलून आदबीने देवघराजवळ ठेवली. "वहिनी, प्रश्न काही फक्त वासाचा नाही."

"फोनवर तर फक्त वासाचाच होता."

खुर्चीतून बाबाच म्हणाले, "जाऊ दे गं. माझाच असेल."

दुसऱ्या दिवशी सकाळी वृद्धाश्रमाची गाडी आली आणि बाबा गेले.

आता पॅसेज कोरडा असतो. विटाळ करणारं कोणी उरलं नाही म्हणून सासूबाईंनी शिंपडणंही सोडलं. दीर फोनवर म्हणतात, "बघा, गेला की नाही वास?" नवऱ्यालाही तो हिशेब पटलेला आहे.

रविवारी मी विश्रांतवाडीच्या बसने जाते. तिथे खोल्यांमध्ये बादलीने पाणी ओततात आणि वरून फिनेल मारतात. पहिल्या रविवारी दारातच मला तो वास आला. बाबा कॉटवर बसले होते. त्यांनी पहिलं काय विचारलं, तर, "घरातला वास गेला का गं?"

"गेला," मी म्हटलं, आणि पिशवीतून जुनं कापड आणि सोड्याचा डबा बाहेर काढला.