न्हाव्याचा प्रश्न

इथे आखातात, अल मन्सूरा भागातला माझा न्हावी आधी गिऱ्हाइकाचा देश विचारतो, मगच कात्री उचलतो. नेपाळी बसला की, "तुम्हारा झंडा चौकोनी क्यों नहीं?" उत्तरं त्याला तोंडपाठ. आपण चुकलो तर कात्री थांबवून आरशातून नुसता बघतो. मी दोनदा नापास झालोय.

परवा माझ्या आधी एका सुदानी माणसाचा नंबर होता. मी बाकावरून आगाऊपणे सुचवलं, "इनको पूछो ना, दोनों नाईल नदियाँ कहाँ मिलती हैं?"

टीव्हीवर सुदानमधल्या लढाईच्या बातम्या लागल्या होत्या, त्या न्हाव्याने बंद केल्या. मग मोडक्या अरबीत त्या माणसाला हळूच विचारलं, "घरचे कुठे आहेत?"

ज्याचं उत्तर त्याला स्वतःलाच ठाऊक नाही, असा प्रश्न त्याच्या तोंडून मी पहिल्यांदाच ऐकला.