लाल काट्याशी अकरमचं भांडण

ऊर्जानगरच्या आमच्या ओळीत अकरमशी ज्याचं भांडण झालं नाही, तो एकतर नुकता बदलून आलेला असतो किंवा बहिरा. मी भिंतीला भिंत लागून राहणारा, म्हणजे माझा नंबर पहिला. कूलरचं पाणी तो माझ्या पायरीवर सोडतो. समोर वीजकेंद्राची एवढी चिमणी धूर ओकत असताना त्याच्या मोटरसायकलवरची राख मात्र माझ्या अंगणातून उडते म्हणे. एकदा मी विचारलंच, "अकरमभाऊ, मी काय राख फुंकत बसून राह्यलो का तुमच्या गाडीवर?"

"तुमचा काय भरोसा, गोपालभाऊ!"

कॉलनीतली घड्याळं दुरुस्त करणारा हाच, म्हणून मेळपेटी नेमकी ह्याच्या घरी बसवली गेली. आपल्या जगाला चिकटून दुसरं एक जग आहे. तिथेही ऊर्जानगर, तिथेही आपलीच माणसं. पेटीच्या तबकडीवर दोन काटे; काळा आपण हलवायचा, लाल तिकडचे हलवतात. दोन्हीकडची वेळ जुळून काटे एकावर एक आले की भोंग्यातून तिकडचं बोलणं ऐकू येतं. पहिल्या दिवशी पेटी बसवणाऱ्या इंजिनीअरनं काटे जुळवून दिले, तर भोंग्यातून अकरमच बोलला! तिथलाही पेटीवाला हाच. मला वाटलं, निदान स्वतःशी तरी ह्याचं पटेल.

कसलं पटतंय! इथला म्हणाला, वेळ माझ्या भिंतीवरच्या घड्याळाप्रमाणे धरायची. ते घड्याळ दहा मिनिटं पुढे. कंपनीची बस चुकू नये म्हणून आमच्या घराघरात बायका घड्याळ पुढे करून ठेवतात, आणि हा शहाणा त्यालाच खरी वेळ मानून बसलेला.

"तुझं घड्याळ पुढं पळते," तिथला म्हणाला.

"तुझंच मागं हाय, आळशी कुठचा!"

त्या कलकलाटात भोंग्यातून एका बाईचा आवाज आला, "जीजाजी, विचारा ना, आपा जिवंत हाय का तिथी?"

स्वयंपाकघरात खैरुनच्या, म्हणजे अकरमच्या बायकोच्या हातून पातेलं पडलं. तो आवाज तिच्या धाकट्या बहिणीचा, नाहीदचा. नाहीद इथे काविळीनं गेली. तिकडे, त्या प्रश्नावरून दिसतच होतं, खैरुन गेलेली. पदर सावरत इथली खैरुन धावत येईपर्यंत अकरमनं रागारागात काळा काटा ओढून आपल्या वेळेवर नेला होता. तिकडच्यानंही लाल काटा आपल्या वेळेवर नेला. आवाज बंद. इंजिनीअर नागपूरला गेला तो गेलाच.

खैरुनबाईंनी विनवण्या केल्या, बोलणं टाकलं, अळणी भाजी वाढली. ह्याचं एकच: "त्यानं हलवावा. मी काऊन हलवू?" मी खिडकीतून म्हणालो, "एवढा ताठा स्वतःपुढं कोणी धरते का, भाऊ?" तर दुसऱ्या दिवशी कूलरचं पाणी दुप्पट.

मग एका दुपारी, तो ड्युटीवर असताना, खैरुनबाईंनी मलाच हाक मारली. "भाऊ, काटा कसा सरकवतात?" अकरमचं नुकसान आणि तेही फुकट, मी चप्पल न घालताच गेलो. खालची कळ दाखवली. त्यांनी काळा काटा सरकवत लाल काट्याच्या जागी आणला, आणि पाहतो तर काय, त्याच वेळी लाल काटा चालत काळ्याच्या जागी जाऊन बसला!

"नाहीदच ते," खैरुनबाई कितीतरी दिवसांनी हसल्या. "माजरी गावाले राहत होतो तवा मी तिच्या घरी जायची एका रस्त्यानं, ती माझ्या घरी यायची दुसऱ्या. दोघींलेबी कुलूप."

त्या काटा परत न्यायला लागल्या. मी अडवलं. "ती पण आता हेच करन, बाई."

तेवढ्यात अकरमची बस आली. त्यानं तबकडी पाहिली आणि आधी माझ्याकडेच वळला. "तुमीच हलवला!"

"मी हलवला," असं म्हणून खैरुनबाई पेटीसमोर खुर्ची टाकून बसल्या. "आता मले उचला, मंग काट्याले हात लावा."

"त्याच्या वेळेवर चालू का मी? त्या आळशाच्या?"

"तो आळशी नाई. घड्याळ पुढं करून देणारं कोणी नाई त्याच्या घरी. तोबी आता ड्युटीवरून आला असन, असाच ओरडत असन. काटा आपल्या जागेवर नेल्याबिगर राह्यते का तो? त्याले अडवाले तिथी कोण बसली हाय?"

लाल काटा हलला. धक्के देत, आदळआपट करत, अगदी अकरम फाटक लावतो तसा परत आला आणि काळ्यावर जाऊन बसला. भोंग्यातून आधी आली शिवी. "माझ्या पेटीले कोणं हात लावला?"

"मी, जीजाजी!" आणि मग, "आपा?"

"काऊन वं, काटा हलवाले एवढा टाइम लागते का?" खैरुनबाई खेकसल्या आणि रडायलाच लागल्या.

तिकडच्या शिव्या एकदम थांबल्या. मग तिकडचा अकरम म्हणाला, "खैरुन... रोज बस चुकते माझी."

"ए!" इथला अकरम गरजला. "माझ्या बायकोशी बोलू नको!" त्याचा हात कळीकडे गेला. खैरुनबाईंनी नुसतं पाहिलं. हात खाली आला.

मग माझ्याकडे वळून म्हणाला, "तुमी काऊन उभे? निंगा!"

मी निघालो. माझ्या पायरीवर त्याच्या कूलरचं पाणी साचलं होतं, त्यात पाय घसरून मी पडलो. आत दोघी बहिणी भांडत होत्या, बाहेर दारात येऊन अकरम हसत होता.