अरबी सिनेमावाली आमची संघमित्राताई

ताई काल गेली. रडून झालंय, आता लिहिते.

संघमित्राताई, माझी थोरली बहीण. सिनेमॅटोग्राफर. आणि नाही हो, बॉलीवूड नाही! लोक हमखास तेच विचारायचे आणि ती भडकायची. तिचं अख्खं करिअर अरबी सिनेमात झालं.

सुरुवातच मोडता मोडता राहिली.

नव्वदचं दशक. मी अमेरिकेत, चँडलरला चिप कंपनीत, ताई फिल्म स्कूल संपवून माझ्याकडे राहायला. तिची क्लासमेट हाना, इराकी डिरेक्टर. हानाला मायदेशी जाता येत नव्हतं, म्हणून तिने ॲरिझोनाच्या वाळवंटातच आपलं गाव उभं केलं. कॅमेरा ताईकडे. पहिलाच मोठा सिनेमा.

आणि पहिल्याच दिवशी घोळ!

आमच्या बाबांचा नागपुरात फोटो स्टुडिओ होता. रोल संपला की बाबा ओरडायचे, "खलास!" आम्ही दोघी ते ऐकतच वाढलो.

सीन असा, की म्हाताऱ्या आईला मुलगा गेल्याची बातमी कळते. ती एवढंच म्हणते, "खलास."

अरबीतही तोच शब्द, यार. अर्थही तोच, संपलं.

ताईने सवयीने झटकन कॅमेरा बंद केला.

समोर म्हातारी ॲक्ट्रेस खरंखुरं रडत होती. फिल्मवर त्यातलं काहीच आलं नाही.

प्रोड्यूसर तापला. "अरबी येणारा कॅमेरामन आणा!"

ताई म्हणाली, "सोमवारी हाच सीन परत लावा. चुकले तर मी स्वतःच निघून जाईन."

घरी आल्यावर मी म्हटलं, "ताई, सोड ना. दुसरं काम मिळेल."

"दुसरं नकोय मला. हेच हवंय."

मग सुरू झाला माझा छळ! हानाने सगळे डायलॉग कॅसेटवर बोलून दिले. ती कॅसेट किचनमध्ये, गाडीत, सगळीकडे. ताई पोळ्या लाटताना अरबीत भांडायची. मी तर मीटिंगमध्ये बॉसला "यल्ला", म्हणजे "चला", म्हणून बसले!

सोमवारी मी सुट्टी टाकून सेटवर गेले.

म्हातारी म्हणाली, "खलास."

कॅमेरा चालू.

ती उठली. दोरीवरचा मुलाचा शर्ट काढला, घडी घातली, उलगडला, परत वाळत टाकला. स्क्रिप्टमध्ये यातलं काहीच नव्हतं. ताईचा कॅमेरा तिच्या हातांवरून हलला नाही.

हाना ढसाढसा रडली. मी पण.

पुढच्या सिनेमासाठी त्याच प्रोड्यूसरचा फोन आला. मीच उचलला. ताई किचनमधून ओरडली, "सांग त्याला, डायलॉग आधी पाठव!"

मग कैरो, ट्युनिस, अम्मान. प्रत्येक ठिकाणची बोली वेगळी. ती शिकल्याशिवाय बाई कॅमेऱ्याला हात लावायची नाही. महाहट्टी! मला फार अभिमान आहे तिचा.

आज सकाळी हानाचा फोन आला. रविवारी घरी बुद्धवंदना आहे, त्यासाठी ती येतेय. जरा बिचकत म्हणाली, "मी तिथे अरबीत बोलले तर चालेल? तिच्याशी मला इंग्लिशमध्ये बोलताच येणार नाही."

मी म्हटलं, "बिनधास्त बोल गं. ताईला सगळं कळतं."

तुझ्या धाकटीची ही आदरांजली. जय भीम, ताई.