मामांच्या मोबाइलमधल्या दहा जागा

मामा गेल्याचा फोन आला तेव्हा मी ऑफिसच्या जिन्यात उभी होते. आईचा आवाज नेहमीपेक्षा शांत होता. "मामा गेले गं. तू थेट बजाजनगरला, त्यांच्या घरीच ये," एवढंच ती म्हणाली. मी खाली येऊन रिक्षा केली. वाळूजपर्यंतच्या त्या पाऊण तासात मी काय केलं, हे सांगायला संकोच वाटतो. मी रडले नाही, कुणाला फोन केला नाही. मोबाइलवरचा एक खेळ उघडला आणि त्यातल्या मित्रांच्या यादीत मामांचं नाव बघत बसले. त्या नावाखाली माणसानं खेळ शेवटचा कधी उघडला ते दिसतं. तिथं 'काल' असं लिहिलेलं होतं…

आता या गोष्टीला तीन आठवडे होतील. मामांबद्दल लिहायचं तर त्या खेळाबद्दल लिहावं लागेल, कारण आम्ही दोघं एकमेकांना ओळखायला लागलो ते त्यातूनच. ज्यांनी तो खेळलेला नाही त्यांना एवढं सांगते, की त्यात हातात मोबाइल घेऊन खरोखर रस्त्यानं चालावं लागतं. चालता चालता पडद्यावर विचित्र प्राणी दिसतात, ते पकडायचे. पकडलेला प्राणी आपल्या कोठारात जमा होतो. या कोठाराला मर्यादा असते. ते भरलं की नवीन प्राणी पकडता येत नाही आणि जागा करायची तर जुन्यांपैकी काही सोडून द्यावे लागतात. एकदा सोडलेला प्राणी परत मिळत नाही.

मी नववीत होते तेव्हा बोलणं जवळजवळ बंद केलं होतं. कारण विशेष काही नव्हतं, किंवा होतं तरी इथे लिहिण्यासारखं नाही. शाळेत इंग्रजीत गप्प, घरी मराठीत गप्प. आई काळजी करायची, बाबा पुस्तकं आणून द्यायचे. मामा दर रविवारी सिडकोला आमच्याकडे जेवायला यायचे. त्यांनी एकदा मला अंगणात मोबाइल समोर धरून फेऱ्या मारताना पाहिलं, काय आहे ते विचारलं आणि नीट ऐकून घेतलं. पुढच्या रविवारी आले तेव्हा तो खेळ त्यांच्या मोबाइलवर होता. जेवण झाल्यावर म्हणाले, "चल माय, तुझी जनावरं दाखव."

तेव्हापासून आम्ही रविवारी दुपार कलली की निघायचो. कधी सिद्धार्थ उद्यानात, कधी मकबऱ्याच्या मागच्या रस्त्यानं, कधी नुसतेच सिडकोच्या गल्ल्यांमधून. माझ्यासारखीला याहून चांगली सोय नव्हती. सोबत माणूस होतं आणि बोलायची सक्ती नव्हती. मामा "डावीकडं हाय एक," म्हणायचे, मी "दिसलं," म्हणायचे. असे सहा-सात महिने गेल्यावर कधीतरी मी त्यांना शाळेतलं सगळं सांगून टाकलं, तेही पडद्यावरून नजर न काढता. त्यांनी ऐकलं आणि पुढच्या चौकापर्यंत काहीच म्हणाले नाहीत. मला ते फार बरं वाटलं.

मामा वाळूजच्या एका कारखान्यात स्टोअरकीपर होते. हजारो खणांचं ते स्टोअर त्यांना पाठ होतं. कुठल्या रॅकवर कुठला बोल्ट आणि किती शिल्लक, हे साहेब लोक संगणकात बघायच्या आधी त्यांना विचारायचे, असं मामी थोड्या तक्रारीच्या आणि थोड्या अभिमानाच्या सुरात सांगायच्या. अशा माणसाचं खेळातलं कोठार कसं लख्ख असेल असं मला वाटलं होतं. प्रत्यक्षात तो नुसता गोंधळ होता. प्राणी पकडायला चेंडू लागतात, ते त्यांच्या पिशवीत जेमतेम वीस आणि बाकी सगळी फळं. प्राण्यांना चारायची ती फळं जागा अडवतात म्हणून आम्ही मुलं फेकून द्यायचो. आणि प्राणी म्हणाल तर निम्मे एकाच जातीचे, गोल, पांढरे, कापसाच्या बोंडासारखे. ताकद काहीच नाही, सगळीकडे सापडणारे. मी त्यांना चिडवलं, की कारखान्यात असं स्टोअर ठेवलं असतं तर पहिल्याच दिवशी काढून टाकलं असतं तुम्हाला. मामा हसले. "नट-बोल्टाला भूक लागत नसती, माय."

ते सगळे प्राणी त्यांना वेगवेगळे ओळखू यायचे. खेळ प्रत्येकाचं वजन, उंची आणि सापडल्याची जागा नोंदवतो, पण मामांना ते बघावं लागत नसे. ही करमाडच्या थांब्यावर सापडली, ही जरा बारकी आहे, ही वळून बघते… आणि त्यांना त्यांनी नावं दिली होती. इंग्रजी अक्षरांत, एका बोटानं टाइप केलेली. बांडी, भुरी, लंगडी.

मग तो रविवार आला. मामांचं कोठार भरलं होतं. जेवण झाल्यावर मोबाइल माझ्याकडे देत ते म्हणाले, की जरा जागा कर, तुला कळतं त्यातलं. आणि आतल्या खोलीत जाऊन आडवे झाले. मी मन लावून काम केलं. खेळाबद्दल जे काही वाचलं होतं त्या सगळ्यात एकच सल्ला होता, एका जातीचा सगळ्यात ताकदवान एक ठेवा, बाकीचे सोडा. मी पांढरे प्राणी एकदम निवडले. दीडशेच्या वर होते. नावं मी वाचली होती… हे लिहायला मला जड जातंय. नावं दिसली नाहीत असं मी पुढे स्वतःला बरीच वर्षं सांगितलं. पण मी ती वाचली होती आणि मला ती गावंढळ वाटली होती. आपल्या मोबाइलवर कुणी असं नाव बघितलं तर, असंही मनात आलं होतं. मी बटण दाबलं.

मामा उठले, चहा घेतला, मोबाइल उघडला. बोटानं यादी वर सरकवली, खाली सरकवली. पुन्हा वर. मी समोर बसले होते, किती जागा मोकळी केली ते सांगायच्या तयारीत. त्यांनी एवढंच विचारलं, "खायला घातलं व्हतं का त्यांना?"

मला तो प्रश्न कळलाच नाही. फक्त 'नाही' हे उत्तर चुकीचं आहे एवढं कळलं. मी "हो" म्हणाले.

"बरं केलंस," म्हणाले आणि कप घेऊन आत गेले.

संध्याकाळी मी आईला विचारलं, बांडी म्हणजे काय. आई पोळ्या लाटत होती. तिचा हात थांबला. बांडी म्हणजे आमच्या कळपात पुढं चालायची ती, म्हणाली. आजोबांची मेंढरं होती, कन्नडच्या घाटाकडे, हे मला माहीत होतं. पण ती कशी गेली हे घरात कधी निघालं नव्हतं. आजोबांचे पाय चालेनात म्हणून सगळा कळप एकाच दिवशी विकला. मामा तेव्हा तेरा वर्षांचे. आमच्यात जनावर विकायचं तर आधी पोटभर चारून विकतात, उपाशी जनावर दारातून काढत नाहीत. पण व्यापाऱ्याची गाडी सकाळी लवकर आली, त्याला पुढं जायची घाई होती, आणि मेंढरं चरायला सोडायच्या आत गाडीत चढवली गेली. मामा गाडीमागे बरंच पळत गेले, हातात पाल्याचा एक डहाळा घेऊन. आई एवढं सांगून पुन्हा पोळी लाटायला लागली.

मी त्याच वेळी फोन करून खरं सांगायला हवं होतं. पुढच्या रविवारी सांगू असं ठरवलं. पुढच्या रविवारी मामा आले, नेहमीसारखे म्हणाले "चल माय," आणि आम्ही निघालो. वाटेत एक पांढरा दिसला. त्यांनी पकडला. त्याला नाव मात्र दिलं नाही. त्यानंतर त्यांनी एकाही प्राण्याला नाव दिलं नाही आणि मी काही सांगितलं नाही. दहावी झाली, बारावी झाली, कॉलेज, नोकरी. मैत्रिणींचे खेळ कधीच सुटले. आमचा रविवार चालू राहिला. मामी म्हणायच्या, "येड्यांचा बाजार हाय नुसता. एक म्हातारं येडं, एक तरणं."

शेवटचं भेटलो ते दवाखान्यात, जायच्या चार दिवस आधी. दुपारची वेळ होती, मामी चहाला खाली गेल्या होत्या. मामांनी उशाखालचा मोबाइल काढून दिला. "दहा जागा कर. घरी गेल्यावर लागतील." मी खुर्ची जवळ ओढली. ते डोळे मिटून सांगत होते आणि मी करत होते. खाली जा, अजून खाली, ते निळं. घाल त्याला एक फळ. खाल्लं? काढ आता. मग पुढचं. मध्ये त्यांचा डोळा लागायचा, मी थांबायचे. सात झाले तेव्हा मी म्हणाले, "मामा, तेव्हा मी खायला घातलं नव्हतं."

तेव्हा म्हणजे केव्हा, हे त्यांनी विचारलं नाही. डोळेही उघडले नाहीत. "ठावं हाय," म्हणाले.

कसं, असं मी विचारलं.

"पिशवीत फळं जेवढी व्हती तेवढीच व्हती. तीस वर्सं स्टोअर सांभाळलं, माय."

म्हणजे त्याच दिवशी, चहाचा कप हातात असतानाच त्यांना कळलं होतं. मी खाली मोबाइलकडे बघत राहिले. वॉर्डात कुणीतरी बादली सरकवत होतं. मामा म्हणाले, "तवा बोललो असतो तं तू संगं यायची बंद झाली असतीस. मेंढरं तं गेलीच व्हती."

आणि मग, तेवढ्याच आवाजात, "आठवं काढ. ते लाल."

मी आठवं काढलं. नववं, दहावं. सगळ्यांना खायला घालून. मामी चहा घेऊन आल्या तेव्हा मामांना झोप लागली होती.

तेराव्यानंतर दादा, मामांचा मुलगा, पुण्याला परत गेला. त्याच्या पुढच्या रविवारी मी बजाजनगरला गेले. ऑफिसला सुट्टी, रविवारी मामांखेरीज पायांना दुसरं काही माहीत नव्हतं. मामी एकट्याच होत्या. खिडकीत मामांचा मोबाइल चार्जिंगला लावलेला होता, शंभर टक्के भरलेला. मी तो हातात घेतला. खेळ उघडला. कोठारात दहा जागा तशाच मोकळ्या होत्या. आणि पडद्यावर, बरोबर मामींच्या पाण्याच्या टाकीशेजारी, एक पांढरा गोल प्राणी बसलेला होता.

मी मोबाइल खाली ठेवणार होते. मामी खांद्यावरून बघत होत्या. "धर की. जागा हाय ना?"

मी पकडला. काय नाव ठेवू, असं त्यांना विचारलं. नाव ठेवायची पद्धत आहे का, असं त्यांनी उलट विचारलं. मी हो म्हणाले. त्यांनी चष्मा लावून त्याच्याकडे जरा वेळ पाहिलं.

"पाहुणी म्हण. आत्ताच आलीय."

मी नाव टाइप केलं. मग आम्ही चहा घेतला आणि निघताना मामींनी मोबाइल पुन्हा खिडकीत चार्जिंगला लावला. आता नऊ जागा उरल्यात. पुढच्या रविवारी मी परत जाणार आहे. एका वेळी एकच धरायचा, असं आमचं ठरलं आहे.