आभाळातल्या आजोबांचा ऊस

मी सिंगापूरला निघालो तेव्हा निरोप द्यायला गावात घरचं कुणी नव्हतं. आमच्या बीडकडं दसरा झाला की माणसं ऊसतोडीला जातात; आई-बाबाही कोल्हापूरकडं गेलेले. मीच बॅग घेऊन त्यांच्या फडावर गेलो. बाबा कोयता खाली न ठेवता म्हणाले, "जा. जानं आपल्यात कुनाला नवं हाय?" भावकीतला पहिला ग्रॅज्युएट मी, तोही इंजिनिअर. कुणी विचारलं नाही तरी सांगतो.

तुमच्यातले काही गावाकडंच राहिलात, काही माझ्यासारखे निघालात. दमणूक सगळ्यांची सारखीच असावी. माझं ऑफिस जुरोंग ईस्टला, भाड्याचा फ्लॅट बुकित बातोकला. इथला कामाचा पास रिन्यू झाला की जरा हायसं वाटतं, मग पुन्हा तेच. मुलीला आजीनं काही विचारलं तर ती इथल्या इंग्रजीत "डोन्ट नो, लाह" म्हणून मोकळी. बाबा गेल्यावर आईला इथं आणलं. गावात तिचं कोण उरलंय? तिनं इथंच राहावं, एवढंच मला हवं होतं. पण ती सोफ्यावर अंग चोरून बसायची, पाहुण्यासारखी.

शेजारी लिम आंटी राहतात. त्या दाराबाहेरच्या लाल डब्यात रोज उदबत्त्या लावतात, 'ती कोंग' नावाच्या देवासाठी. ती कोंग म्हणजे आभाळातले आजोबा, चिनी देवांचे सम्राट. त्यांच्याही वर तिघं आहेत म्हणे, अगदी निर्मळ, सगळ्यात उंच आभाळात. "त्यांना कोण हाक मारणार? रोजचं सगळं ती कोंगच बघतो," आंटी एकदा म्हणाल्या. मला आमचं ऑफिसच आठवलं.

चिनी नववर्षाच्या नवव्या दिवशी या आजोबांचा वाढदिवस. आदल्या दुपारी आंटींनी दाराच्या दोन्ही बाजूंना मुळासकट, पाल्यासकट उंच ऊस उभे केले आणि त्या बाजारात गेल्या. मी घरातूनच मीटिंगमध्ये होतो. बाहेर येऊन बघतो तर उसाचे तुकडे करून मोळी बांधलेली, वाढं, म्हणजे शेंड्याचा पाला, बाजूला काढलेलं. सगळं किचनमधल्या सुरीनं. "शेजारच्या म्हातारीला कुठं जमायचं? दिलं तोडून," आई म्हणाली. किती दिवसांनी खुशीत दिसली.

तेवढ्यात लिफ्टमधून आंटी. "अय्यो! धिस वन फॉर ती कोंग!"

ऊस अखंडच लागतो. मी सॉरी म्हणत राहिलो. आंटी स्टुलावर टेकल्या आणि सांगायला लागल्या. चीनमध्ये त्यांच्या पूर्वजांच्या गावावर शत्रू चालून आले, तेव्हा अख्खं गाव उसात लपलं. आजोबांच्या वाढदिवशी सगळे जिवंत बाहेर आले. तेव्हापासून हा ऊस. मी आईला मराठीत सांगितलं.

"उसात ऱ्हाऊन वाचले?" ती मोळीकडं बघत म्हणाली. "आन समदे भाईर आले?"

"हो."

"मंग लई मोठा देव हाय."

तेही मी आंटींना सांगितलं. त्या हसल्या, मोळीला लाल कागद गुंडाळला आणि ती पूजेच्या उंच टेबलावर ठेवली. "ती कोंग बिग बॉस, लाह. रागावत नाही." मग दोघी दारात बसून उरलेला ऊस चघळत राहिल्या, एकमेकींचा एक शब्द न कळता. मला वाटलं, रमली. आता राहील.

दुसऱ्या दिवशी चहा पिताना आईनं विचारलं, "तुहा पट्टा कधी पडायचा रं?"

साखर कारखान्याचा हंगाम संपला की पट्टा पडला म्हणतात. मग तोडणीवाले गावाकडं फिरतात.

"आई, इथं पट्टा पडत नाही."

"मंग मी म्होरं जाते. घर झाडून ठिवते."

मी पुष्कळ बोललो. एकटी कशी राहशील, दुखलंखुपलं तर कोण बघेल. ती कप विसळत होती.

तिचं एकटीचं तिकीट काढलं. घर म्हणजे आता आई झाडून ठेवील ती जागा. तू कधी पोचशील, हे तिनं विचारलं नाही. विचारलं असतं, तर मलाही सांगता आलं नसतं.