बांधाच्या पोटातली पिवळी माती

लग्न होऊन मी तलावावर राहायला गेले तेव्हा मला एकोणीस सरून विसावं लागलं होतं. सन तीस-बत्तीसचा सुमार असेल. सोलापूर शहराला पाणी देणाऱ्या एका जुन्या तलावावर आमचे हे कारकून होते. मातीचा लांबलचक बांध, त्याच्या एका टोकाला इंजिनघर आणि बांधाच्या पायथ्याशी आमच्या दोन खोल्या. स्वयंपाकघराच्या खिडकीतून नुसता बांधच दिसायचा. त्याच्या पलीकडं आपल्या डोक्याच्याही वर पाणी आहे, हा विचार पहिले काही दिवस घास घेताना मनात यायचा. पुढं सवय झाली.

यांचं काम सोपं होतं. रोज सकाळी पाण्यात रोवलेल्या पट्टीवरची पातळी वहीत लिहायची आणि पंप किती तास चालला ते नोंदवायचं. पट्टीवर फुटाचे शंभर भाग आखलेले होते.

चैत्रात ओव्हरसियरची चिठ्ठी आली. पाणी फार झपाट्यानं उतरतं आहे. पातळी चुकीची लिहिली जाते की खालच्या मळेवाल्यांना चोरून पाणी सोडलं जातं, याचा खुलासा करावा. चिठ्ठी हातात घेऊन हे उंबऱ्यावरच बसले.

"मी कुणाला एक थेंब सोडलेला नाही."

"मग पाणी जातं कुठं?"

"थोडं शहर पितं, थोडं ऊन खातं. कोण किती घेतं ते पाणी थोडंच सांगतं?"

माझे वडील गणिताचे मास्तर होते. मुलांची शिकवणी चाले तिथंच एका कोपऱ्यात बसून मी बीजगणित शिकले होते. मी वही मागून घेतली. पाणी आपोआप दिवसाला जितकं उतरतं ते क्ष, आणि पंपाच्या एका तासाला जितकं उतरतं ते य. एका आठवड्यात पंप साठ तास चालला होता आणि पाणी ०.४३ फूट उतरलं होतं. पुढच्या आठवड्यात इंजिन बिघडल्यामुळं पंप चाळीसच तास चालला, उतार ०.३८. दोन्हीकडं सात क्ष सारखेच, म्हणून वजाबाकीत ते गेले. वीस तासांचे ०.०५ उरले. य आला ०.००२५. साठ तासांचे ०.१५ वजा केले, उरलेल्या ०.२८ ला सातानं भागलं. क्ष आला ०.०४.

"उन्हाळ्यात इतकं जातंच," हे म्हणाले. त्यांचा चेहरा मोकळा झाला. खुलासा लिहून गेला.

मला मात्र त्या हिशेबाची गोडी लागली. पुढच्या आठवड्यात पंप पुन्हा साठ तास चालला आणि पाणी ०.५० उतरलं. क्ष ०.०५. ऊन वाढलं असेल, म्हणून मी सोडून दिलं. त्यानंतरचा आठवडा सगळा मळभाचा गेला. पाऊस नाही, वारा नाही, ऊनही नाही. क्ष कमी यायला हवा होता. उतार आला ०.५७, तासही तेच साठ. मी भागाकार तीनदा केला. तिन्ही वेळा ०.०६.

ऊन नसताना हे पाणी पीत कोण होतं? खिडकीतून बांध दिसत होता. त्या दिवशी मी भाकरी करताना खिडकीकडं पाठ केली, तर ते जास्तच वाईट वाटलं.

खाली एका म्हाताऱ्या काकींचा कांद्याचा मळा होता. मी त्यांच्याकडं गेले. काकी खुशीत होत्या.

"यंदा हिरीला लई पानी हाय की! वैशाख आला तरी वर चढतंया. असं कवा झालं न्हाय बगा."

"पाणी स्वच्छ आहे का, काकी?"

"जरा गढूळ हाय. पर कांद्याला काय त्याचं?"

मी विहिरीतून तांब्या भरून घेतला आणि त्यांच्याच ओट्यावर ठेवला. आम्ही बोलत बसलो. तासाभरानं पाणी हळूच ओतून टाकलं, तर तळाशी गाळाचा थर राहिला होता. पिवळा. आजूबाजूला कोसभर सगळी काळी जमीन. पिवळी माती होती ती बांधाच्या पोटात. ती टेकडीवरून आणून भरली होती, असं यांनीच मला सांगितलं होतं. नुसतं पाणी झिरपत नव्हतं. बांध आतून वाहून जात होता.

हे सायकलवरून शहरात गेले आणि ओव्हरसियरला घेऊन आले. साहेब घाम पुसत दारात उभे राहिले.

"बाई, तुमचं गणित यांनी वाटेत सांगितलं. बांध काही गणितानं फुटत नाही."

मी वही आणि तांब्या त्यांच्यापुढं ठेवला. त्यांनी तळात बोट घातलं, माती चिमटीत चोळली. मग पेन्सिल काढून माझे भागाकार स्वतः करून पाहिले. पेन्सिल मध्येच थांबली.

"खाली किती घरं आहेत?"

"नऊ," हे म्हणाले.

दुपारीच साहेबांनी बांधातली पाणी सोडायची मोरी पूर्ण उघडायला लावली. नऊ घरांना टेकाडावर हलवलं, आम्हीही गेलो. तीन दिवस ऐन उन्हाळ्यातलं पाणी ओढ्यानं वाया जाताना आम्ही बघत होतो. शहरात नळ बंद झाले, लोक यांना शिव्या देत होते. मळा सोडावा लागला म्हणून काकी माझ्याशी बोलेनाशा झाल्या. मीही मनातून चरकले होते. गणित चुकलं असेल तर?

चौथ्या दिवशी सकाळी, पाणी बरंच खाली गेलेलं असताना, बांधाला आतल्या बाजूनं लावलेले दगड खचले. मोठा आवाज नाही, कुणी दीर्घ श्वास सोडावा तसा. आत माणूस वाकून शिरेल एवढं भगदाड होतं, आणि त्याचा रोख सरळ आमच्या खोल्यांकडं.

दुरुस्ती पावसापूर्वी झाली. अहवालात 'नेहमीच्या पाहणीत आढळले' एवढंच होतं. पुढच्या उन्हाळ्यात, त्याच दिवसांत, मी पुन्हा मांडणी केली. क्ष आला ०.०३.

मी यांना आकडा दाखवला. "आपण ज्याला नेहमीचं समजलो होतो त्यातसुद्धा गळती होती. मी इथं आले तेव्हापासून, कदाचित त्याच्याही आधीपासून."

यांनी वही मिटून फळीवर ठेवली. त्याच महिन्यात त्यांनी कुर्डुवाडीला रेल्वेत नोकरीसाठी अर्ज केला, आणि मी भांडी बांधायला घेतली.